डोडोच्या माथी फोडलेलं खापर

गोष्ट अशी सांगतात. मॉरिशस बेटावर तांबालाकोक नावाचं एक उंच झाड आहे. त्याच्या फळात एकच बी असते आणि तिच्याभोवती लाकडासारखं जाड कवच. डोडो पक्षी ही फळं गिळायचा. त्याच्या पोटातल्या खड्यांवर घासून कवच झिजायचं, विष्ठेतून बी बाहेर पडायची आणि मग रुजायची. सतराव्या शतकात माणसांनी डोडो संपवला. तेव्हापासून तीनशे वर्षांत एकही बी रुजली नाही. जुनी झाडं तेवढी मरणाची वाट पाहत उभी राहिली.

ही लोककथा नव्हे. 1977 साली स्टॅनली टेम्पल या अमेरिकी पक्षिशास्त्रज्ञाने ‘सायन्स’ या नामांकित नियतकालिकात हे मांडलं. बेटावर तांबालाकोकची तेराच झाडं उरली आहेत आणि सगळी तीनशे वर्षांच्या पुढची आहेत, असं त्याने लिहिलं. डोडो तर मिळणार नव्हता, म्हणून त्याने टर्की कोंबड्यांना 17 बिया बळेच भरवल्या. सात बिया पोटातच भरडल्या गेल्या, दहा शाबूत बाहेर आल्या, त्यातल्या तीन रुजल्या. डोडोचं काम टर्कीने केलं, असा निष्कर्ष निघाला आणि जगभर गेला. एका जिवाच्या जाण्याने दुसरा कसा जातो याचं इतकं नेटकं उदाहरण शोधून सापडलं नसतं.

नेटकेपणाच अंगाशी आला. टर्कीच्या पोटात न गेलेल्या बिया शेजारी पेरून पाहिल्याच नव्हत्या, त्यामुळे तुलना कशाशी करायची हा पहिला प्रश्न. दुसरं म्हणजे या झाडाच्या बिया कवच न घासताही रुजतात, हे 1941 सालीच छापून आलं होतं. कवच जाड असलं तरी त्याला कडेने एक रेषा असते. आतला अंकुर फुगला की त्या रेषेवर कवच उकलतं आणि टोपण उडावं तसा एक तुकडा बाजूला होतो. मॉरिशसच्या वनखात्यातले ओवादली यांनी 1979 मध्ये त्याच ‘सायन्स’मध्ये उत्तर दिलं : आमच्या रोपवाटिकेत ही रोपं तयार होतात, आणि जंगलात शंभर वर्षांच्या आतली झाडंही आहेत. उष्ण कटिबंधातल्या झाडांच्या वर्तुळांवरून वय काढणं भरवशाचं नसतं, हा मुद्दा वेगळाच. पुढे 1991 मध्ये विटमर आणि चीक या दोघांनी सगळे पुरावे नव्याने तपासून डोडोचा धागा जवळजवळ तोडूनच टाकला. झाडं तेरा नाहीत, शेकड्यांत आहेत. फळं खाणारे इतरही होते : महाकाय कासवं, मोठ्या चोचीचा पोपट, वटवाघळं. बीभोवतीचा गर कोणी खाऊन साफ केला तर बुरशी लागत नाही, एवढा उपयोग नक्की होता. पण डोडोवाचून बी रुजतच नाही, हे खरं नव्हतं.

तरीही गोष्ट चालूच आहे, आणि पर्यटकांना अजून ‘डोडोचं झाड’ म्हणूनच ते दाखवतात. मला त्यात फक्त भाबडेपणा दिसत नाही, सोयही दिसते. डोडोमुळे झाड मरतंय म्हटलं की गुन्हा साडेतीनशे वर्षांपूर्वीच्या डच खलाशांचा ठरतो आणि फाइल बंद होते. तांबालाकोकवर खरोखर काय गुदरलं ते समजायला डोडोची गरज नाही. ते जालना जिल्ह्यातल्या अंबड तालुक्यातल्या माणसाला तर फार लवकर कळेल, कारण त्या कहाणीचा नायक म्हणा, खलनायक म्हणा, ऊस आहे.

अंबडच्या दक्षिणेला गोदावरी आहे. शहागड-गोंदीचा काठ आणि जायकवाडीचा डावा कालवा जिथून जातो तो पट्टा, तिथे पाणी आलं तसा ऊस आला. अंकुशनगरला कारखाना उभा राहिला. हंगाम सुरू झाला की टोळ्या उतरतात, मुकादम, उचल, कोयते, बैलगाड्या, ट्रॅक्टर, सगळं तालुक्याच्या अंगवळणी पडलेलं आहे. उसाला सलग, सपाट आणि बिनसावलीची जमीन लागते. बांधावरचं झाड त्याला सोसत नाही. हे कोणाला शिकवायला नको.

मॉरिशसचं मुख्य बेट आहे जेमतेम 1,865 चौरस किलोमीटर. जालना जिल्ह्याच्या पाव भागाहूनही लहान. मादागास्करच्या पूर्वेला भर समुद्रात ज्वालामुखीतून वर आलेलं. तिथवर बी पोचायची ती वाऱ्याने, लाटेने किंवा पाखराच्या पोटातून, हजारो वर्षांत एखादी. पोचली ती एकटी पडली आणि तिच्या पिढ्या वेगळ्याच वाटेने गेल्या. म्हणून त्या एवढ्याशा बेटावर सपुष्प वनस्पतींच्या जवळपास 690 देशी जाती, आणि त्यांतल्या 40 टक्क्यांच्या आसपास जगात दुसरीकडे कुठेच नाहीत. तांबालाकोक त्यातलाच. आपले चिकू, मोह, बकुळ, खिरणी हे त्याचे सोयरे, सगळे एकाच कुळातले. मॉरिशसची काळीभोर एबनी ही तर आपल्या टेंभुर्णीची सख्खी चुलत बहीण, आणि टेंभुर्णी नावाचं गाव याच जिल्ह्यात, जाफराबाद तालुक्यात आहे. आपण पानं विड्यांना दिली, डचांनी गाभ्याचं काळं लाकूड जहाजांत भरून नेलं.

डच 1598 मध्ये उतरले, 1710 मध्ये सोडून गेले. एबनी तोडली, हरणं आणून सोडली, डोडो संपवला. पण जंगल बरंचसं उभं होतं. फ्रेंच आले तेव्हा तोडीचा वेग वाढला आणि एका अधिकाऱ्याला त्याची धास्तीही वाटली. पिएर प्वाव्र त्याचं नाव. त्याच्या कारकिर्दीत 1769 मध्ये नियम निघाला : प्रत्येक जमीनदाराने आपल्या जमिनीचा चौथा हिस्सा झाडीखाली ठेवायचा, डोंगरउतार आणि पाण्याच्या कडेची झाडं तोडायची नाहीत. झाडं गेली तर पाऊस आटेल, हे त्यामागचं गृहीतक. पर्यावरणाचा इतिहास लिहिणाऱ्या रिचर्ड ग्रोव्ह यांनी हा धागा पुढे थेट मुंबई इलाख्यापर्यंत आणला आहे. बेटावर आलेलं हे शहाणपण ईस्ट इंडिया कंपनीच्या डॉक्टरांमध्ये फिरलं. पुण्याजवळच्या दापोडीच्या वनस्पती उद्यानाचे प्रमुख अलेक्झांडर गिब्सन 1847 मध्ये मुंबई इलाख्याचे वनसंरक्षक झाले, ते याच विचाराचे होते. अंबड तेव्हा निजामाच्या राज्यात, त्यामुळे गिब्सनसाहेबांचा हुकूम इथवर पोचायचं कारण नव्हतं. पोचला असता तर काय झालं असतं, याच्या पैजा लावण्यात अर्थ नाही, कारण खुद्द मॉरिशसमध्येच प्वाव्रचा चौथा हिस्सा उसापुढे टिकला नाही.

बेटाच्या जंगलाचे 1773, 1835 आणि 1872 चे नकाशे अभ्यासक शेजारी-शेजारी छापतात. पहिल्या दोन नकाशांत हिरवा भाग कुरतडल्यासारखा दिसतो. तिसऱ्यात तो जवळजवळ नाहीच. 1835 ते 1872 : याच वर्षांत काय घडलं? 1810 मध्ये बेट इंग्रजांकडे गेलं होतं, 1835 मध्ये गुलामगिरी उठणार हे दिसताच मळेवाल्यांना नवे हात हवे झाले. 2 नोव्हेंबर 1834 ला ‘ॲटलास’ जहाजातून हिंदुस्थानातले गिरमिटिया मजूर उतरले. पुढच्या ऐंशी-नव्वद वर्षांत साडेचार लाखांच्या आसपास माणसं त्या धक्क्यावर उतरली. आप्रवासी घाट म्हणून ती जागा 2006 पासून जागतिक वारसा आहे. मुंबई बंदरातून गेलेल्यांत रत्नागिरी, सावंतवाडी, सातारा, कोल्हापूरकडची मराठी माणसं होती. करार पाच वर्षांचा, पगार महिना पाच रुपये आणि शिधा. त्यांची मुलंबाळं तिथेच राहिली, गणेश चतुर्थीला आज त्या देशात सार्वजनिक सुट्टी असते, आणि या लोकांचं आपल्याला कौतुक आहे. पण त्यांच्या हातात कोयत्याबरोबर कुऱ्हाडही दिली होती, हे आपल्या कौतुकाच्या लेखांत येत नाही. जंगल तोडणं, काळे दगड वेचून रचणं, सऱ्या पाडणं, हे त्यांच्याच घामाने झालं. त्या दगडांचे ढीग उसाच्या शेतांत आजही पिरॅमिडसारखे उभे दिसतात. दोष त्यांचा नाही, कुठे तोडायचं ते मळेवाला ठरवत होता. टोळीतल्या माणसाला बांधावरच्या झाडाबद्दल कोणी विचारत नसतं.

आज मॉरिशसमध्ये धड म्हणावं असं मूळचं जंगल दोन टक्क्यांहून कमी आहे. ब्लॅक रिव्हर गॉर्जेस हे राष्ट्रीय उद्यान 1994 मध्ये झालं, साडेसहा हजार हेक्टरांच्या आसपासचं. म्हणजे तोड थांबली, कायदा झाला, उद्यान झालं. मग झाडं वाढायला लागली असतील?

नाही. इथून पुढचा भाग कुऱ्हाडीच्या गोष्टीपेक्षा जास्त त्रासदायक आहे.

वॉन आणि वीहे या दोन अभ्यासकांनी 1930 च्या दशकात बेटावरच्या उत्तम जंगलाचा एक तुकडा झाड न् झाड मोजून काढला आणि 1937 मध्ये प्रसिद्ध केला. देशी झाडांची तिथे दाटी होती. पुढच्या पिढीच्या अभ्यासकांनी तीच जागा पुन्हा मोजली तेव्हा मोठी झाडं विरळ झाली होती आणि त्यांच्या खाली त्यांची पोरं नव्हती. खाली होता तो चिनी पेरू. नाव चिनी, मूळ ब्राझीलचं. अंगठ्याएवढी लाल, आंबटगोड फळं. हंगामात बेटावरची माणसं कुटुंबासकट रानात जाऊन टोपल्या भरतात, रस्त्याकडेला मीठ-मिरची लावून विकतात. फळ लोकांना आवडतं, डुकरांना आवडतं, माकडांना आवडतं, आणि बी सगळीकडे पडते. त्याच्या काटक्या इतक्या दाट उभ्या राहतात की माणसाला आडवं होऊन शिरावं लागतं. जमिनीवर ऊन पोचत नाही. तांबालाकोकची बी पडली, रुजलीही, तरी त्या अंधारात ते रोप दोन पानांच्या पुढे जात नाही. गेलंच तर डचांच्या हरणांचे वंशज ते खुडतात, रानडुकरं मुळं उकरतात. आणि बी जमिनीवर पडण्याआधीच माकडांचा हिशेब असतो : चार शतकांपूर्वी जहाजांतून आलेली ही लांबशेपटी माकडं कच्चीच फळं तोडून, एखादा चावा घेऊन टाकून देतात.

ज्या गावातली शाळा पोरांअभावी बंद पडली आहे आणि पारावर म्हातारी माणसं तेवढी बसलेली आहेत, त्या गावाची लोकसंख्या कागदावर काही वर्षं ठीकच दिसते. झाडांचंही तसंच. दोनशे-तीनशे वर्षं जगणाऱ्या जातीचा अधिवास गेल्याचं लगेच मोजणीत दिसत नाही. खोडं मोजली की आकडा येतो. रोपं मोजली की खरी परिस्थिती कळते. टेम्पलने पाहिलं ते चूक नव्हतं, पिढी तुटलीच होती. कारण मात्र त्याने पोटातल्या खड्यांत शोधलं.

याची परीक्षा झालेली आहे. ब्रीझ फेर, मकाबे अशा काही ठिकाणी 1980 च्या दशकापासून जंगलाचे लहान तुकडे कुंपण घालून वेगळे केले गेले. हरणं-डुकरं बाहेर, आणि आतला चिनी पेरू मजुरांनी हाताने उपटलेला. क्लॉडिया बाइडर आणि व्हिन्सेंट फ्लोरेन्स यांनी 2006 मध्ये अशा तुकड्यांतल्या आणि बाहेरच्या तांबालाकोकची तुलना छापली. तण काढलेल्या जागेतल्या झाडांना फळं कितीतरी जास्त धरली होती. म्हणजे पेरूचं जंगल नुसतं रोपांनाच मारत नव्हतं, उभ्या झाडाच्या मुळांतलं पाणी आणि खतही पळवत होतं. टर्की नाही, डोडो नाही, खुरपणी! आपल्याकडच्या कुठल्याही शेतकऱ्याने याचं उत्तर बसल्या जागी दिलं असतं. अडचण एवढीच की हे तुकडे एकूण जंगलाच्या मानाने अगदी थोडे आहेत, आणि खुरपणी दर काही वर्षांनी पुन्हा करावी लागते. तिचं उद्घाटन होत नाही, तिचा फोटो निघत नाही.

काही जातींना खुरपणीइतकाही वेळ उरला नाही. क्यूरपीपच्या वनस्पती उद्यानात एक माड आहे, ‘हायोफोर्बी अमारिकॉलिस’. या जातीचं जगात ज्ञात असलेलं हे एकच झाड. भोवती कठडा आणि टेकू. एकाच झाडावर नर आणि मादी फुलं येतात, पण एकाच वेळी उमलत नाहीत. प्रयोगशाळेत गर्भ वाढवून रोपटी केली गेली, मातीत लावल्यावर ती मेली. त्याच्याच जवळच्या नात्यातला खरा बॉटल पाम जगभरच्या बागांत लाखोंनी आहे. (आपल्या बंगल्यांपुढे, कॉलेजांच्या फाटकाशी ‘बॉटल पाम’ म्हणून उंच गुळगुळीत जे उभे असतात ते बहुतेक वेळा रॉयल पाम, क्यूबाकडचे. खरा तो ठेंगणा, बुंध्याशी सुरईसारखा फुगलेला, डोक्यावर चार-सहाच झावळ्या.) मॉरिशसजवळच्या राउंड आयलंडवर मात्र जंगली अवस्थेत तो बोटांवर मोजण्याइतका उरला होता, कारण सोडलेल्या शेळ्या आणि ससे कोवळं काही वर येऊच देत नव्हते. शेळ्या हटवल्या, 1986 मध्ये शेवटचे ससे गेले, आणि खाली रोपं दिसू लागली.

रॉड्रिग्ज हे मॉरिशसच्याच देशातलं, पूर्वेकडचं छोटं बेट. तिथला ‘कॅफे मारों’, म्हणजे रानकॉफी, संपला असं समजत होते. 1980 च्या सुमारास एका शिक्षकाने मुलांना गावातली दुर्मीळ झाडं शोधायला लावलं आणि एका मुलाने रस्त्याकडेच्या झुडपाची फांदी आणून दिली. हेच ते. बातमी फुटल्यावर लोक औषध म्हणून फांद्या मोडून नेऊ लागले, तेव्हा कुंपणावर कुंपणं घालावी लागली. 1986 मध्ये काही कलमं लंडनच्या क्यू उद्यानात पोचली. कलम जगलं, पांढरी फुलं बारमाही येऊ लागली, पण बी नाही. सतरा वर्षं नाही. शेवटी 2003 मध्ये तिथल्या कार्लोस मॅग्डालेना या माळीबुवांनी फुलाच्या स्त्रीकेसराचं टोक ब्लेडने कापलं आणि त्या जखमेवरच पराग लावले. अनेक फुलं वाया गेली, मग एक फळ धरलं. त्या बियांपासूनची पुढची पिढी आता रॉड्रिग्जला परतली आहे. एखादी जात एका झुडपावर येईपर्यंत थांबलं की मग अशी कसरत करावी लागते.

मोठ्या फळांचा प्रश्न उरतोच : तण काढलं, कुंपण घातलं, तरी बी आईच्याच पायाशी पडते. ती दूर नेणार कोण? किनाऱ्याजवळच्या इल-ओ-एग्रेत या 26 हेक्टरांच्या बेटावर सरपणासाठी एबनीची तोड 1980 च्या दशकाच्या सुरुवातीपर्यंत चालू होती. ती थांबली, तरी तोडलेल्या भागात एबनी परतेना. मूळची महाकाय कासवं कधीच खाऊन संपवलेली. मग सेशेल्समधल्या आल्डाब्रा बेटाची कासवं आणून सोडली. 2011 मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात दिसलं की कासवांनी एबनीची फळं खाऊन बिया उघड्या भागात नेऊन टाकल्या, आणि त्यांच्या पोटातून गेलेल्या बिया जास्त चांगल्या रुजल्या. टेम्पलची कल्पना चुकीच्या झाडावर मांडली होती, एवढंच म्हणायचं.

मुख्य बेटावर हे काम करणारा एक मूळचा रहिवासी अजून जिवंत आहे : मॉरिशसचं मोठं फळखाऊ वटवाघूळ. जंगलातल्या मोठ्या बिया लांब नेऊ शकेल असं त्याच्याखेरीज फारसं कोणी उरलेलं नाही. आणि रान उरलं नाही म्हणून ते लिची-आंब्याच्या बागांत उतरतं. मोसंबीच्या बागेत रात्री राखणीला बसणाऱ्याला आणि रोह्यांनी तुडवलेला हरभरा पाहिलेल्याला त्या बागायतदारांचा राग समजावून सांगायला नको. सरकारने 2015 मध्ये कायदा बदलला आणि त्या वर्षी तीसेक हजार वटवाघळं मारली, पुढच्या वर्षीही मोहीम झाली. लिचीचं नुकसान वटवाघळांइतकंच पाखरं, वारा आणि झाडावर पिकून गळण्यानेही होतं, आणि झाडं छाटून बुटकी ठेवली तर जाळी टाकता येते, असं तिथले अभ्यासक सांगत राहिले. जाळ्यांना सरकारी अनुदानही होतं. पण परसातलं लिचीचं झाड चाळीस फूट वाढलेलं, त्यावर जाळी कोण चढवणार? 2018 मध्ये जागतिक निसर्ग संवर्धन संघाने हे वटवाघूळ ‘धोक्यात’ या वर्गात टाकलं, आणि त्याच वर्षी मॉरिशसने मारण्याची आणखी एक मोहीम काढली.